टाचण्या छापखान्यांच्या, लेकरं कुठली?

मागच्या पावसाळ्यात एक विद्यार्थिनी घरी आली. जिंतूरकडची, एम.ए. झालेली, पीएच.डी.साठी विषय शोधत होती. मराठी बालसाहित्याचा इतिहास असं काहीतरी मनात होतं तिच्या. पिशवीतून तिनं भिंतीवर लावायचा महाराष्ट्राचा नकाशा काढला आणि पलंगावर पसरला. जुन्या पुस्तकाचं नाव आणि साल सापडलं की ते छापलं त्या गावावर एक टाचणी, असं तिचं काम चाललं होतं. मुंबईवर टाचण्यांची दाटी झाली होती, पुण्यावरही. तंजावर आणि बंगालमधलं सेरामपूर नकाशात मावत नव्हते, म्हणून त्यांच्या टाचण्या तिनं कडेच्या पांढऱ्या पट्टीत खोचल्या होत्या. आणि पैठणपासून किनवटपर्यंत सगळं कोरं.

"सर, आपल्याकडं लेकरं नव्हती का हो?" तिनं विचारलं.

मी हसलो खरा, पण प्रश्न साधा नव्हता. बालसाहित्याचा इतिहास अभ्यासणारी माणसं नेमकं काय करतात, हे या एका प्रश्नाच्या निमित्तानं उलगडून सांगता येईल असं तेव्हापासून डोक्यात होतं.

आपल्याला वाटतं, इतिहास म्हणजे यादी. पहिलं पुस्तक अमुक, मग तमुक, सालं घाला, झाला इतिहास. डी.एड.च्या मुलांना मीसुद्धा अशीच यादी उतरवून दिलेली आहे. पण अभ्यासकाचं काम यादीच्या आधी सुरू होतं. यादीत कुणाला घ्यायचं आणि कुणाला दारातच थांबवायचं, हे आधी ठरवावं लागतं.

इंग्लंडमध्ये हे पहिल्यांदा नीट बसून कुणी ठरवलं असेल तर एफ. जे. हार्वे डार्टन यांनी. त्यांचं घराणंच पिढ्यान्‌पिढ्या मुलांची पुस्तकं छापणारं, म्हणजे घरचीच दुकानदारी. १९३२ साली त्यांनी इंग्रजी बालपुस्तकांचा मोठा इतिहास लिहिला आणि सुरुवातीलाच व्याख्या करून टाकली. बालपुस्तक म्हणजे मुलांना आपसूक आनंद व्हावा म्हणून, निदान वरकरणी तरी त्यासाठी, छापलेलं पुस्तक. शिकवणं हा त्याचा मुख्य हेतू नसावा, नुसतं वळण लावणं हा नसावा, आणि लेकरांना कामाला लावून गप्प बसवणं हाही नसावा. यातला तिसरा मुद्दा मला फार आवडतो. सुट्टीत पोरांच्या हातात 'चित्र रंगवा' कोंबणाऱ्या आपण सगळ्यांना तो बरोबर लागतो.

ही झाली डार्टनची चाळणी. आता आपल्या टाचण्या तिच्यात घालून बघू.

तंजावरला सरफोजी राजांनी १८०६ साली इसापच्या गोष्टींचं मराठी भाषांतर छापवून घेतलं, 'बालबोध मुक्तावली'. सेरामपूरला १८१४ साली 'सिंहासनबत्तिशी' मोडी लिपीत छापली गेली. बत्तीस पुतळ्यांच्या गोष्टी, म्हणजे लेकरांचंच पुस्तक, असं आपण धरून चालतो. पण ते केलं होतं मिशनरी विल्यम केरीच्या हाताखालच्या वैजनाथ शर्मा या पंडितांनी, आणि वाचणार होते मराठी शिकायला आलेले कंपनीचे गोरे साहेब. मिशा फुटलेले वाचक! मग ही टाचणी बालसाहित्याची म्हणायची का? मुंबईत १८२२ साली शाळांसाठी देशी भाषांत पुस्तकं करणारी मंडळी स्थापन झाली. तिच्यासाठी सदाशिव काशिनाथ छत्रे, म्हणजे बापू छत्रे, यांनी १८२८ साली 'बाळमित्र' आणि 'इसापनीतिकथा' अशी दोन पुस्तकं केली. 'बाळमित्र'चं मूळ फ्रेंच. आर्नो बेर्कँ नावाच्या लेखकानं १७८२-८३ मध्ये मुलांसाठी गोष्टींची मालिका काढली होती, तिचंही नाव मुलांचा मित्र असंच. ती आधी इंग्रजीत गेली आणि तिथून बापूंच्या हाती आली. पॅरिसचं शहाणं बाळ लंडनमार्गे गिरगावात उतरलं, असं म्हणा. पण हे सगळं शाळेसाठी आणि नीतीसाठी. डार्टनच्या चाळणीतून सरळ खाली.

पुढं १८८१ साली विनायक कोंडदेव ओकांनी 'बालबोध' मासिक सुरू केलं आणि १९१४ मध्ये जाईपर्यंत ते चालवलं. दर अंकात एक चरित्र, कविता, निबंध, थोडं शास्त्र. एकट्या माणसानं एवढी वर्षं मुलांसाठी दर महिन्याला लिहिणं म्हणजे थट्टा नव्हे. तरी खरं सांगायचं तर आज वाचताना मला त्यात छडीची सावली दिसते. १९०६ साली वासुदेव गोविंद आपट्यांनी मासिक काढलं त्याचं नाव मात्र 'आनंद'. 'बालबोध' ते 'आनंद' असा हा पंचवीस वर्षांचा प्रवास नावातूनच कळतो, असं लिहिण्याचा मोह होतो. माझ्या विद्यार्थिनीनं पहिल्या खर्ड्यात तसं लिहिलंही होतं. मी तिथं लाल रेघ मारली. 'बालबोध' हे देवनागरी लिपीचंही नाव होतं, त्यामुळं नावावरून फार मोठा इमला उभारू नये.

मुद्दा असा, की डार्टनची व्याख्या लावली तर मराठीतलं जवळजवळ अख्खं एकोणिसावं शतक गळून पडतं. व्याख्या चूक नाही. ती ज्या धान्यासाठी केली ते धान्य वेगळं. गव्हाच्या चाळणीतून बाजरी चाळायला घेतली तर सगळी खालीच जाणार, आणि वर आपण म्हणणार की यंदा पीकच आलं नाही. मराठीत मालतीबाई दांडेकरांनी १९६४ साली 'बालसाहित्याची रूपरेषा' लिहून या विषयाला स्वतःचं अंगण दिलं. त्या स्वतः मुलांसाठी लिहिणाऱ्या, त्यामुळं धान्य ओळखीचं होतं. आज या विषयाला हात घालणाऱ्यानं आधी तिथं जावं.

आता दुसरी भानगड. समजा चाळणी बदलली. पण चाळायला हातात पुस्तक तर पाहिजे?

लंडनच्या जॉन न्यूबेरी या दुकानदारानं १७४४ साली मुलांसाठी एक छोटंसं, खिशात मावेल असं पुस्तक काढलं. इंग्रजी बालसाहित्याची सुरुवात बरेच जण तिथून धरतात. किंमत सहा पेन्स. आणखी दोन पेन्स टाकले की मुलाला चेंडू आणि मुलीला टाचण्या खोचायची छोटी उशी मिळायची. पुस्तकावर वस्तू फुकट ही युक्ती एवढी जुनी आहे! त्या चेंडूच्या एका बाजूला लाल आणि दुसऱ्या बाजूला काळा रंग. मुलानं चांगलं काम केलं की लाल बाजूला टाचणी, वाईट केलं की काळ्या. तर या पुस्तकाच्या पहिल्या आवृत्तीची एकही प्रत आज उरलेली नाही. सापडते ती थेट १७६० ची. मधल्या सगळ्या प्रती लेकरांनी अक्षरशः संपवल्या.

हे नीट ध्यानात घेण्यासारखं आहे. मोठ्यांची पुस्तकं कपाटात टिकतात. लेकरांचं पुस्तक आवडलं की आधी त्याचे कोपरे दुमडतात, मग शिवण उसवते, धाकट्याच्या हाती जातं, आणि शेवटी त्याच्या पानात शेंगदाणे बांधले जातात. म्हणजे बालसाहित्याच्या संग्रहात जे चकचकीत राहिलंय ते बहुधा कुणी न वाचलेलं. अभ्यासकाला हे उलटं गणित सतत मनात ठेवावं लागतं. आमच्या शाळेतही गोष्टींची पुस्तकं कुलूप लावलेल्या कपाटात असायची. तपासणीच्या दिवशी बाहेर निघायची, साहेब गेले की परत आत. ती अजूनही नवीकोरी असतील.

त्याउलट माझ्या वडिलांच्या ट्रंकेत सापडलेलं एक जुनं मराठीचं वाचन पुस्तक बघा. पुठ्ठा गेलेला, पहिली आठ पानं नाहीत. आतल्या समासात निळ्या शाईत लिहिलंय, 'माझे नाव पाहायचे असेल तर पान ३४ उघडा.' पान ३४ वर, 'घाई करू नका, पान ६१.' पान ६१ वर, 'आता पान १७.' आणि पान १७ वर 'दुसऱ्याचे पुस्तक उघडणारा गाढव.' आपण सगळ्यांनी हा खेळ केलेला आहे. पण याच्या खाली दुसऱ्या अक्षरात, शिसपेन्सिलीनं, 'तूच' असं आहे. ते कुणी लिहिलं कळत नाही. जूनमध्ये वरच्या वर्गातल्या पोराकडून अर्ध्या किमतीत पुस्तक घ्यायची पद्धत होती, त्यामुळं पुढच्या वर्षीच्या मालकानं दिलेलं ते उत्तर असणार.

छापलेला धडा मोठ्यांनी लिहिला, मोठ्यांनी तपासला, मोठ्यांनीच विकला. त्या पुस्तकात लेकराच्या हातचं म्हणावं असं एवढंच. मॅथ्यू ग्रेन्बी या इंग्रज अभ्यासकानं २०११ साली एक अख्खा ग्रंथ याच दिशेनं लिहिला. १७०० ते १८४० या काळातल्या बालवाचकांचा माग त्यानं काढला, आणि त्यासाठी जुन्या पुस्तकांवर मुलांनी घातलेली नावं आणि केलेल्या खुणा धुंडाळल्या. पुस्तक काय सांगतं यापेक्षा पुस्तकाचं काय झालं, हे त्यानं विचारलं.

फिलिप आरिएस या फ्रेंच इतिहासकाराचं नाव या विषयात हमखास निघतं. १९६० साली त्यानं मांडलं की बालपण ही वेगळी अवस्था आहे ही कल्पनाच युरोपात उशिरा आली, त्याआधी लेकरू म्हणजे आकारानं लहान माणूस. पुढच्या अभ्यासकांनी रोजनिशा आणि आठवणी तपासून त्याला बरंच खोडून काढलं. मला विचाराल तर त्याचा प्रश्न मोलाचा, उत्तर जरा ताणलेलं. जात्यावर बसून तान्ह्याच्या ओव्या म्हणणाऱ्या आमच्या बाईला बालपण ठाऊक नव्हतं असं कुणी म्हणू नये.

मला जास्त जवळचे वाटतात आयोना आणि पीटर ओपी. नवरा-बायको, कुठल्या विद्यापीठात नोकरीला नाहीत. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात एकदा शेतातून फिरताना त्यांना एक लाल, ठिपक्यांचा छोटा किडा दिसला. बोटावर घेतला आणि लहानपणी म्हणायचे ते बडबडगीत सहज तोंडून निघालं, तुझं घर जळतंय, उड लवकर, अशा अर्थाचं. किडा उडाला आणि हे दोघं विचार करत राहिले की हे गाणं आलं कुठून? त्यातून १९५१ साली इंग्रजी बडबडगीतांचा कोशच उभा राहिला. पुढं त्यांनी सुमारे ७० शाळांतल्या ५,००० मुलांकडून मैदानावरची गाणी, शिव्या, कोडी, शपथा, चिडवाचिडवी गोळा केली. ते पुस्तक १९५९ चं. मोठ्यांनी मुलांसाठी केलेलं वाङ्मय बाजूला ठेवून मुलांनी मुलांना दिलेलं त्यांनी टिपलं. बरं, पुस्तकांना ते विसरले असंही नाही. त्यांनी जमवलेली जवळजवळ २०,००० जुनी बालपुस्तकं १९८८ मध्ये ऑक्सफर्डच्या बोडलियन ग्रंथालयात गेली.

ओपींच्या त्या किड्याजवळ आलो की मराठवाड्याचा रस्ता सापडतो. कारण आमच्याकडं पाऊस लांबला की कंबरेला लिंबाचा पाला बांधलेलं एक पोरगं पुढं आणि बाकीची मागं, दारोदार हिंडतात. 'धोंडी धोंडी पाणी दे.' बाया त्याच्या डोक्यावर तांब्याभर पाणी ओततात, पसाभर धान्य देतात. ७२ च्या दुष्काळाच्या आसपास मी त्या मागच्या पोरांत होतो. डोक्यावर पाणी पडलं की धोंडी झालेलं पोरगं अशी गिरकी घेई की पुढच्या बाईच्या लुगड्यावर थेंब उडायचे. ते बडबडगीत आहे, विधी आहे, की खेळ आहे? नकाशावर त्याची टाचणी कुठं खोचणार?

आता त्या कोऱ्या जागेचा इतिहास. १९४८ च्या १७ सप्टेंबरपर्यंत मराठवाडा हैदराबादच्या निजामाच्या राज्यात. राज्यकारभार उर्दूत, वरच्या शिक्षणाचं माध्यम उर्दू, १९१८ साली निघालेलं उस्मानिया विद्यापीठ उर्दूचं. खासगी शाळा काढायची तर सरकारची परवानगी. औरंगाबादची सरस्वती भुवन (१९१५), अंबाजोगाईची योगेश्वरी (१९१७), हिप्परग्याची राष्ट्रीय शाळा (१९२१), अशा मोजक्या ठिकाणी मराठीतून शिकायची धडपड चालली, आणि त्या शाळांतूनच पुढं मुक्तिसंग्रामाची माणसं निघाली. हिप्परग्याला स्वामी रामानंद तीर्थ स्वतः शिकवायला होते. १९५१ च्या जनगणनेतसुद्धा हैदराबाद राज्यात शंभरात दहा माणसंही साक्षर नव्हती. अशा मुलखात मुलांचं मराठी मासिक काढून विकायचं कुणाला? टाचणी नाही याचं कारण एवढं साधं आहे. त्या टाचण्या छापखान्यांच्या आहेत.

पण मग आमचे आबा लहानपणी काय वाचत होते? आबा, म्हणजे माझे आजोबा, तालुक्याच्या गावी मौलवीसाहेबांच्या हाताखाली शिकले. पक्के शेतकरी, माळकरी, एकादशी न चुकवणारे. म्हातारपणी गोठ्यात धार काढायला बसले की गुणगुणायचे, 'रब का शुक्र अदा कर भाई, जिसने हमारी गाय बनाई.' मला वाटे एखाद्या फकिरानं शिकवलेलं गाणं असेल. फार नंतर कळलं की ती इस्माईल मेरठींची कविता. उर्दूत मुलांसाठी वाचनपाठ लिहिणारे ते मोठे कवी, १९१७ साली वारले. आबांना मराठीतली लहानपणची एक छापील कविता पाठ नव्हती, ही मात्र शेवटपर्यंत होती.

आता सांगा, आबांचं बालसाहित्य कोणतं? मराठी बालसाहित्याच्या इतिहासात मेरठी येणार नाहीत, कारण ते उर्दूचे. उर्दूच्या इतिहासात आबा येणार नाहीत, कारण ते मराठी. भाषेनुसार इतिहास लिहायचा ठरवला की असं एखादं पोरगं दोन्ही घरचं उपाशी राहतं. मराठवाड्यात ते एकटंदुकटं नव्हतं.

आणि मागं गेलं तर? म्हाइंभटांनी १२७८ च्या सुमाराला जमवलेल्या 'लीळाचरित्रा'त चक्रधरस्वामींच्या तोंडी कावळ्याच्या शेणाच्या घराची आणि मेणाच्या घराची गोष्ट आहे. होय, तीच, पावसात वाहून गेलेलं घर आणि बंद दार. साडेसातशे वर्षं ही गोष्ट एका तोंडातून दुसऱ्या कानात जात राहिली आणि मधे तिला छापखान्याची गरज पडली नाही. महानुभावांच्या 'दृष्टान्तपाठा'त ११४ दृष्टान्त आहेत, त्यात हत्ती चाचपणारे आंधळेही भेटतात. ते तत्त्वज्ञान समजावायला सांगितलेले, मुलांसाठी नव्हेत. पण गोष्ट वय विचारून कानात शिरते थोडीच! पैठणशी जोडल्या जाणाऱ्या गुणाढ्याच्या 'बृहत्कथे'बद्दल इथं लिहायला लागलो तर लेख संपायचा नाही. एवढंच सांगतो की राजानं नाकारलेली ती कथा तो रानात पशुपक्ष्यांना वाचून दाखवत एकेक पान जाळत गेला, अशी दंतकथा आहे. मूळ ग्रंथ हरवला, गोष्टी 'कथासरित्सागरा'त उरल्या.

तोंडचं साहित्य गोळा करायचं तर कसं, याचं मोठं उदाहरण आपल्याजवळच आहे. गी पॉइटविन आणि हेमा राईरकर यांनी जात्यावरच्या एक लाखावर ओव्या जमवल्या. त्यात बीड जिल्ह्यातल्या माजलगावच्या बायांनी गायलेल्या बाबासाहेबांच्या ओव्याही आहेत. मात्र ओवीत लेकरू दिसतं ते आईच्या डोळ्यांनी. लेकराचा स्वतःचा आवाज त्यात शोधावा लागतो.

शोधताना पाय घसरायचीही भीती. एक माझीच फजिती सांगतो. 'ये रे ये रे पावसा, तुला देतो पैसा, पैसा झाला खोटा.' निजामाचं नाणं वेगळं होतं, हाली शिक्का. सात हाली रुपये म्हणजे इंग्रजांचे सहा कलदार. सरहद्दीपलीकडं आपला पैसा चालत नाही, या मराठवाड्याच्या दुखण्यातून ही ओळ आली, असा शोध मी एकदा एका चर्चासत्रात मोठ्या थाटात लावला होता. चहाच्या वेळी कोकणातल्या एक बाई हळूच म्हणाल्या, "हे गाणं आमच्याकडंही म्हणतात हो, आणि आमच्याकडं निजाम नव्हता." तेव्हापासून बडबडगीतातून राजकारण काढायचं मी सोडून दिलं.

१९५६ नंतर चित्र बदललं. मराठवाडा मुंबई राज्यात आला, मग महाराष्ट्रात. १९६७ ला बालभारती, १९७१ ला 'किशोर' मासिक. साताऱ्याच्या पोरानं वाचलेला धडा जिंतूरचं पोरगंही त्याच आठवड्यात वाचू लागलं. आता इकडून लिहिणारेही आहेत. २०२५ चा साहित्य अकादमीचा बालसाहित्य पुरस्कार नांदेडच्या सुरेश सावंतांच्या 'आभाळमाया' या कवितासंग्रहाला मिळाला. म्हणजे टाचणी लागली. पण विद्यार्थिनीला मी म्हटलं, हा भाग लिहायला सोपा आहे, शेवटी ठेव.

तिनं विषय बदलला नाही, रीत बदलली. नकाशा गुंडाळून ठेवला आणि मोबाइल घेऊन आजीकडं गेली. आजी दिवसा तयारच होईना. दिवसा गोष्ट सांगितली की मामा वाट चुकतो म्हणे. रात्री जेवणं झाल्यावर, लाइट गेलेली असताना, अंगणात बाजेवर रेकॉर्डिंग झालं. मला तिनं ऐकवलं. आधी बराच वेळ शेळीचं ओरडणं, मग आजीचा आवाज, राजाच्या सात राण्या, सहा आवडत्या आणि एक नावडती. मधे मधे चुलतभावाच्या लहान पोराचं "हूं… हूं…". एका ठिकाणी हुंकार थांबतो. आजी गोष्ट तिथंच सोडते. "हूं म्हण की रं, झोपलास का?" बारीक आवाज येतो, "नाही, मग राणीनं भाकर कुठं लपवली?" भाकर गोष्टीत नव्हतीच. आजी क्षणभर थांबते आणि भाकर गोष्टीत घालून टाकते.

"सर, प्रबंधात हे हूं कसं लिहायचं?" तिनं विचारलं.

जिथं जिथं आलं तिथं तिथं लिही म्हटलं, वेळेसकट. आणि जिथं नाही आलं, तिथं जागा सोड.